एका दिवसाची चार सालं

15 ऑगस्ट 1947. पुण्यात तिरंगा चढला, शेजारच्या अहमदनगर जिल्ह्यात चढला. बीडजवळच्या पालीत मात्र राज्य निजामाचंच होतं. सालही एक नव्हतं! इंग्रजी 1947, पंचांगात शके 1869, हिजरी 1366 आणि हैदराबादच्या सरकारी दप्तरात 1356 फसली. महिन्यांची नावं आजूर, बहमन, खुर्दाद. स्वातंत्र्य इथे पोचलं 17 सप्टेंबर 1948 ला, तब्बल 13 महिन्यांनी. समांतर विश्वांच्या कथा-सिनेमांवर जीव टाकणाऱ्या पोरांनी आधी हा मुलूख पालथा घालावा.

बीडहून सोलापूर रस्त्याने पालीकडे निघालं की खजाना विहीर लागते. अहमदनगरच्या निजामशाहीतला बीडचा जहागीरदार सलाबत खान याच्या काळातली ही विहीर. बांधणारा राजा भास्कर. भुयारांतून पाणी आत येतं आणि भुयारातूनच पुढे शेतांकडे जातं. दुष्काळातही ती आटत नाही, अशी तिची ख्याती. आता गंमत बघा. बहुतेक ठिकाणी तिचं साल छापतात 1582, आणि शेजारीच हिजरी 991. पण हिजरी 991 सुरू झालं तेच मुळी 1583 च्या जानेवारीत! दोन्ही आकडे एकाच वेळी खरे असूच शकत नाहीत, तरी वर्षानुवर्षं जोडीनं छापले जातात.

याच भागात करझणीजवळ मुहम्मद तुघलकाच्या दाताची कबर दाखवतात. बीडच्या मुक्कामी सुलतानाचा दात पडला, तो त्यानं थाटात पुरला आणि वर घुमट बांधवला, अशी कथा आहे.

अंबाजोगाईत मुकुंदराजांची समाधी. त्यांचा ‘विवेकसिंधु’ शके 1110 चा, म्हणजे इसवी सन 1188 चा, हे शाळेत पाठ करून घेतात. काही अभ्यासक मात्र तो बराच नंतरचा मानतात, आणि मुकुंदराजांना अंबाजोगाईऐवजी विदर्भातल्या आंभोऱ्याला नेतात. अंबाजोगाईकरांना हे सांगून पाहा!

घड्याळाचंही तेच. भारतीय प्रमाणवेळ 1906 साली लागू झाली, पण मुंबईनं स्वतःची वेळ सोडली नाही. प्रमाणवेळेच्या 39 मिनिटं मागे असलेली ‘बॉम्बे टाइम’ थेट 1955 पर्यंत टिकली.

आता खराखुरा बहुविश्वाचा खेळ. तो मराठीत मांडला जयंत नारळीकरांनी, ‘गंगाधरपंतांचे पानिपत’ या कथेत. 14 जानेवारी 1761. पेशवे दप्तराच्या अरबी सालात ‘इहिदे सितैन मया व अलफ’, म्हणजे 1161. विश्वासरावांना गोळी लागली आणि रणाचा रंग पालटला, हे आपलं विश्व. नारळीकर विचारतात, ती गोळी कानाला चाटून गेली असती तर? इतिहासाचे प्राध्यापक गंगाधरपंत गायतोंडे अपघातानंतर थेट त्याच जगात जाऊन पडतात. तिथे मराठे जिंकलेत आणि मुंबईत ईस्ट इंडिया कंपनी अजून नांदते आहे. पंत ग्रंथालय गाठतात आणि स्वतःच लिहिलेल्या इतिहासाचे खंड उघडतात. पहिले चार अगदी ओळखीचे. पाचव्यात पानिपत येतं आणि तिथून सगळंच वेगळं! परतल्यावर त्यांच्या खिशात उरतं बखरीचं एक फाटकं पान. घरातल्या प्रतीत गोळी लागते, त्या पानावर ती हुकते. मला या कथेत सर्वांत आवडतो तो हा पुरावा. कारण त्यामागे पुंजभौतिकी आहे: इलेक्ट्रॉन नेमका कुठे सापडेल हे आधी ठामपणे सांगता येत नाही, ही तिथली मूळ गोष्ट, आणि कथेत प्रत्येक शक्यतेला आपलं जग मिळतं.

आणि लेखकाचंही एक समांतर रूप होतं. मराठी विज्ञान परिषदेच्या 1974 च्या कथास्पर्धेत ‘कृष्णविवर’ या कथेला पहिलं बक्षीस मिळालं. लेखक म्हणून नाव होतं नारायण विनायक जगताप. आद्याक्षरं उलटी वाचा: जयंत विष्णू नारळीकर!

बीडकरांसाठी असाच एक ‘जर-तर’ हाकेच्या अंतरावर आहे. जामखेडजवळच्या खर्ड्याला 1795 च्या मार्चमध्ये मराठ्यांनी निजामाला हरवलं, तहात मोठा मुलूख तोडून घेतला. त्याच वर्षी सवाई माधवराव गेले, पुण्यात गादीचा घोळ झाला आणि निजामानं गमावलेलं बरंच काही परत मिळवलं. तो तह पक्का टिकला असता, तर फसली साल पालीच्या दप्तरात 1948 पर्यंत राहिलं असतं का? कुणीतरी यावर कथा लिहायलाच हवी.

तोवर एवढं करा. घरातल्या ट्रंकेत जुनी शेतीची कागदपत्रं असतील, तर त्यांवरचं 1340-1350 चं साल बघून गोंधळू नका. ते फसली आहे. ऑक्टोबर ते डिसेंबरमधल्या तारखेला 590 आणि पुढच्या महिन्यांना 591 मिळवा, इसवी सन मिळेल. उर्दू-मोडी वाचता येत नाही म्हणून तो कागद रद्दीत टाकू नका. जाणकाराकडून वाचून घ्या आणि जपून ठेवा.