दमणहून रेवदंड्याला

१७ जून २०२१ च्या सकाळी ‘एमव्ही मंगलम’ हे मालवाहू जहाज रेवदंड्याच्या धक्क्यापासून जेमतेम तीन किलोमीटरवर बुडू लागलं. लाटा डेकवरून जात होत्या आणि सोळा खलाशी समुद्रात उड्या टाकायच्या बेतात होते. मुंबईच्या तटरक्षक बचाव केंद्रानं त्यांना धीर दिला: लाइफ जॅकेट घाला, पण मदत येईपर्यंत जहाज सोडू नका. दिघी बंदरातून ‘सुभद्राकुमारी चौहान’ ही गस्तनौका निघाली आणि सुमारे दोनशे किलोमीटरवरच्या दमणच्या तटरक्षक हवाई स्थानकावरून दोन चेतक हेलिकॉप्टरं उडाली. सोळाच्या सोळा जण सुखरूप परतले.

आमच्या शिरूर-दौंडकडे वर्दीचं वेड कमी नाही. राज्य राखीव पोलीस दलाचे दोन गट दौंडमध्येच आहेत. लष्कर, पोलीस म्हटलं की घराघरांत माहिती मिळते; तटरक्षक दलाचं हवाई स्थानक म्हणजे काय, हे मात्र भीमेकाठी फारसं कुणी विचारत नाही. आपल्याच राज्याच्या किनाऱ्यावर हे काम चालतं, म्हणून ते माहीत असायला हवं.

दमणची धावपट्टी मूळची पोर्तुगिजांची, १९५० च्या दशकातली. तटरक्षक दलाचा जन्म बराच नंतरचा. सोन्याची चोरटी आयात आणि १९७४ मध्ये मुंबई हायला सापडलेलं तेल, या दोन्हींमुळे समुद्रावर वेगळ्या पहाऱ्याची गरज पटली. के. एफ. रुस्तमजी समितीच्या शिफारशीवरून दल उभं राहिलं. १९ ऑगस्ट १९७८ रोजी मोरारजी देसाईंच्या हस्ते त्याची रीतसर सुरुवात झाली. १९८२ मध्ये गोव्यात चेतकचा पहिला ताफा आला आणि १९८७ मध्ये दमणचं हवाई स्थानक सुरू झालं.

इथल्या कामाची वाटणी सरळ आहे. दोन इंजिनांचं डॉर्नियर विमान रडारनं दूरवर शोध घेतं, गरज पडली तर तराफा टाकतं. पण ते थांबू शकत नाही. माणूस उचलायचा तर हेलिकॉप्टरच हवं. बुडत्या जहाजावर ते एका जागी तरंगत ठेवणं हे खरं कसब. खालचा माणूस वैमानिकाला दिसत नाही. दारात वाकलेला विंच चालवणारा सांगतो, थोडं पुढे, थोडं डावीकडे, आणि वैमानिक त्या आवाजावर यंत्र स्थिर धरतो. जहाज हेलकावतं, दोर झुलतो, टाकीतलं इंधन घटत असतं. जायला तास-सव्वा तास गेला की तिथं घालवायच्या मिनिटांचा हिशेब आधीच ठरलेला असतो.

चेतक एका इंजिनाचं, १९६० च्या दशकापासून हिंदुस्थान एरोनॉटिक्स बनवत आलेलं. उघड्या समुद्रावर इतकी वर्षं त्यावरच भिस्त ठेवावी लागणं मला पटत नाही. पण दोन इंजिनांनीही धोका संपत नाही. २ सप्टेंबर २०२४ च्या रात्री पोरबंदरजवळ ‘हरी लीला’ या टँकरवरच्या जखमी खलाशाला आणायला गेलेलं दोन इंजिनांचं ‘ध्रुव’ हेलिकॉप्टर समुद्रात कोसळलं आणि दलाचे तीन जण गेले. दुसऱ्याला वाचवायला निघालेल्यांचा हा मृत्यू आपल्याकडे दोन दिवसांची बातमी ठरतो, याचं वाईट वाटतं.

समुद्रात संकट आलं तर १५५४ हा क्रमांक आहे. आणि गणित-भौतिकशास्त्र घेऊन बारावी झालेल्या शिरूर-दौंडच्या पोरांसाठी ‘नाविक’ पदाची भरतीही आहे.