बांधावरील चादरी विणणारे सूक्ष्म कोळी

पावसाळा सरून आश्विन लागला म्हणजे नांदे व आसपासच्या गावांतील भातखाचरांच्या बांधांवर सकाळच्या प्रहरी दवाने भिजलेली पांढरी जाळी दिसू लागतात. शाळेच्या वाटेवर मुले ती रोज पाहतात. परंतु ती कोणी विणली असे विचारता ‘कोळ्याने’ एवढेच उत्तर मिळते. हे उत्तर चुकीचे नव्हे. अपुरे मात्र आहे.

या जाळ्यांचे कर्ते मुख्यतः दोन प्रकारचे. गवतावर पसरलेली, एका कडेस नरसाळ्यासारखे बीळ असलेली मोठी जाळी बहुधा हिप्पासा या कोळ्याची होत. तो बिळाच्या तोंडाशी बसतो व भक्ष्य पडताच जाळ्याच्या वरच्या अंगाने धावतो. याहून लहान, नाजूक, बीळ नसलेली चादर गवताच्या काड्यांमध्ये किंवा भाताच्या बुंध्याशी ताणलेली आढळली, तर तिच्या खालच्या बाजूस पाहावे. तेथे उलटा लोंबकळणारा, दोन-तीन मिलिमीटर लांबीचा कोळी दिसेल. तो लिनिफिइडी या कुलातील होय. ‘जवसाच्या तंतूंचे कापड विणणारा’ अशा अर्थाच्या ग्रीक शब्दावरून हे नाव पडले आहे.

या चादरीच्या वर आडव्यातिडव्या तंतूंची गुंतागुंत असते. उडता कीटक त्या तंतूंवर आदळतो व खाली चादरीवर पडतो. कोळी खालूनच चादरीतून चावा घेतो, भक्ष्य खाली ओढतो आणि पडलेले भोक मागाहून सांधतो.

आकाराने क्षुद्र असले तरी या कुलाचा विस्तार मोठा आहे. जगातील ज्ञात कोळ्यांच्या जातींची संख्या २०२२ साली ५०,००० वर गेली. त्यांपैकी ४,८०० हून अधिक जाती या एका कुलाच्या आहेत. उड्या मारणाऱ्या कोळ्यांचे कुल सोडल्यास याहून मोठे कुल नाही. थंड प्रदेशांत यांचे प्राबल्य विशेष; ब्रिटनमधील कोळ्यांच्या सुमारे ६५० जातींपैकी ४० टक्क्यांच्या आसपास जाती याच कुलातील आहेत. काही जातींच्या नरांची डोकी मोठी विलक्षण असतात. वाल्केनेरिया अ‍ॅक्युमिनाटा या जातीच्या नराचे डोळे तर डोक्यावर उभ्या असलेल्या बारीक दांड्यावर असतात.

पंख नसूनही हे कोळी दूरवर प्रवास करतात. गवताच्या टोकाशी चढून, पाय ताणून, पोट वर उचलून ते तंतू सोडतात व त्याच्या आधारे हवेत तरंगतात. १ नोव्हेंबर १८३२ रोजी किनाऱ्यापासून ६० मैलांवर असलेल्या ‘बीगल’ जहाजावर असे असंख्य कोळी उतरल्याचे चार्ल्स डार्विनने नमूद केले आहे. हे केवळ वाऱ्याचे काम नव्हे. ब्रिस्टल विद्यापीठात २०१८ साली वारा नसलेल्या पेटीत याच कुलातील कोळ्यांवर प्रयोग झाला. तेव्हा केवळ विद्युत्क्षेत्र निर्माण करताच ते उड्डाणास सिद्ध झाले.

आपल्या तालुक्यास या विषयाचे महत्त्व आहे ते भातामुळे. अटिपेना फॉर्मोसाना हा याच कुलातील कोळी आशियातील भातशेतीत बुंध्याजवळ राहतो व तुडतुड्यांची पिल्ले खातो. त्याच्या लहानपणामुळे त्यास पुष्कळदा दुसऱ्या कोळ्याचे पिल्लू समजले जाते. तुडतुडे दिसताच सरसकट फवारणी केली, तर कोळी मरतात. परंतु तुडतुड्यांची अंडी रोपाच्या आत असल्याने बरीचशी वाचतात. त्यांतून निघालेल्या पिल्लांस मग शत्रूच उरत नाही आणि कीड पूर्वीहून अधिक बळावते. याच कारणास्तव इंडोनेशियाने १९८६ साली भातावरील ५७ कीटकनाशकांवर बंदी घातली. आज कोळी दिसताच चपलेखाली चिरडणारे मूल उद्या तीच सवय शेतात नेईल, हे शिक्षकांनी ध्यानी घ्यावे.

या पाठास खर्च नाही. मुलांस सकाळी जवळच्या बांधावर न्यावे. दव नसल्यास ओल्या हाताने पाण्याचे बारीक तुषार उडवावेत, म्हणजे जाळे स्पष्ट दिसते. कोळी चादरीच्या वर आहे की खाली, बीळ आहे की नाही, जाळ्यात काय पडले आहे, हे भिंगाने पाहून वहीत तारखेसह लिहावे व चित्र काढावे. पायांची संख्या मोजण्यास सांगावे. आठ पाय भरले की कोळी कीटक नव्हे, हे मुले आपण होऊन सांगतील. जाळे मोडू नये व कोळी हातात धरू नये. हे सूक्ष्म कोळी माणसास अपाय करीत नाहीत, हेही सांगावे.

पुणे शहर या बाजूस वाढत आहे व खाचरांच्या जागी इमारती उभ्या राहत आहेत. बांध गेला की त्यावरील गवत जाते आणि गवताबरोबर या चादरीही जातात. अशा वेळी शाळेने वर्षानुवर्षे जपलेली नोंदवही हा गावाच्या निसर्गाचा एक विश्वसनीय दस्तऐवज ठरेल. येत्या आश्विनापासून प्रत्येक शाळेने तिचा आरंभ करावा.