के. सुब्रह्मण्यम: संरक्षण मंत्रालयाला न पेललेला सनदी अधिकारी

ऑगस्ट २०२५ मध्ये महू येथे झालेल्या ‘रण संवाद’ या परिसंवादात थिएटर कमांडच्या प्रश्नावरील तिन्ही दलांचे मतभेद उघडपणे समोर आले. हवाई दलप्रमुखांनी घाई न करण्याचा इशारा दिला, तर संरक्षण दलप्रमुखांनी हे मतभेद देशहित पाहून मिटवले जातील अशी ग्वाही दिली. थिएटर कमांड म्हणजे एखाद्या सलग युद्धक्षेत्रातील भूदल, नौदल आणि हवाई दलाची साधने एकाच सेनापतीच्या हाताखाली आणण्याची व्यवस्था. तेव्हापासूनची चर्चा कोणत्या दलाचे अधिकार घटतील आणि कोणाचे वाढतील, याच मुद्द्याभोवती फिरत राहिली आहे. तिन्ही दलांचे परस्परविरोधी दावे तोलून निर्णयाची शिफारस करण्याइतके ज्ञान मंत्रालयाच्या मुलकी बाजूकडे आहे काय, हा त्याहून मूलभूत प्रश्न मात्र क्वचितच विचारला जातो. तो समजून घेण्यासाठी के. सुब्रह्मण्यम यांच्या कारकिर्दीइतका बोलका दाखला स्वतंत्र भारताच्या प्रशासकीय इतिहासात दुसरा नाही.

१९२९ मध्ये तिरुचिरापल्ली येथे जन्मलेले आणि मद्रासच्या प्रेसिडेन्सी कॉलेजातून रसायनशास्त्रात पदव्युत्तर पदवी घेतलेले सुब्रह्मण्यम १९५१ मध्ये भारतीय प्रशासकीय सेवेत दाखल झाले. त्यांच्या विचारांना वळण मिळाले ते चीनबरोबरच्या युद्धानंतरच्या वर्षांत. २१ नोव्हेंबर १९६२ रोजी यशवंतराव चव्हाण यांनी संरक्षणमंत्रिपदाची सूत्रे घेतली, तेव्हा पराभवाच्या धक्क्याखालील मंत्रालयाला सैन्याच्या फेरउभारणीचा आराखडा पैशाच्या हिशेबासह मांडायचा होता. सव्वाआठ लाखांचे भूदल आणि ४५ स्क्वाड्रनचे हवाई दल हे उद्दिष्ट ठेवणारी पहिली पंचवार्षिक संरक्षण योजना याच काळात आकाराला आली. त्या मंत्रालयात उपसचिव असलेल्या सुब्रह्मण्यम यांना एक धडा मिळाला, तो असा की कोणत्या धोक्यासाठी किती सैन्य हवे याचे उत्तर जोवर राज्यसंस्था स्वतः देत नाही, तोवर अंदाजपत्रक म्हणजे गेल्या वर्षीच्या आकड्यांत थोडी भर घालण्याचे काम ठरते.

याच जाणिवेतून चव्हाण यांच्या पुढाकाराने ११ नोव्हेंबर १९६५ रोजी दिल्लीत ‘संरक्षण अध्ययन व विश्लेषण संस्था’ स्थापन झाली. मंत्रालयाच्या अनुदानावर चालणाऱ्या, पण मंत्रालयाच्या दैनंदिन कामकाजाबाहेर राहून दीर्घकालीन प्रश्नांचा विचार करणाऱ्या या संस्थेला २०२० मध्ये मनोहर पर्रीकर यांचे नाव देण्यात आले. म्हणजे सातारा जिल्ह्यातून आलेल्या मंत्र्याने उभारलेली ही संस्था आज गोव्यातून आलेल्या मंत्र्याच्या नावाने ओळखली जाते. मेजर जनरल सोम दत्त यांच्यानंतर १९६८ मध्ये सुब्रह्मण्यम तिचे संचालक झाले आणि पुढील सात वर्षांत त्यांनी अण्वस्त्रप्रसारबंदी करारापासून संरक्षण खर्चापर्यंत अनेक विषय सार्वजनिक चर्चेत आणले. मार्च १९७१ च्या अखेरीस, ढाक्यातील लष्करी कारवाईला आठवडाही उलटला नव्हता, तेव्हा पाकिस्तानचे विघटन भारताच्या हिताचे असून अशी संधी पुन्हा येणार नाही, असे प्रतिपादन त्यांनी जाहीरपणे केले. सरकार त्या वेळी संयमाची भाषा बोलत होते, त्यामुळे त्यांचे हे वक्तव्य सरकारला अडचणीचे ठरले. सरकारी अनुदानावर चालणाऱ्या संस्थेच्या प्रमुखाने अधिकृत भूमिकेच्या पुढे जाऊन बोलावे, ही भारतीय प्रशासनातील तेव्हाच नव्हे, आजही दुर्मीळ घटना आहे.

पुढे ते संयुक्त गुप्तवार्ता समितीचे अध्यक्ष झाले. वेगवेगळ्या गुप्तचर यंत्रणांकडून येणारी तुटक माहिती जुळवून तिचा एकत्रित अर्थ लावणे हे या समितीचे काम होते. त्यानंतर त्यांच्याकडे संरक्षण उत्पादन विभागाचे सचिवपद आले. खडकी, अंबरनाथ, वरणगाव आणि भद्रावती येथील आयुध निर्माणी कारखान्यांपासून माझगाव डॉक आणि ओझरच्या विमान कारखान्यापर्यंतचा मोठा पसारा या विभागाच्या अखत्यारीत होता. १९८० मध्ये इंदिरा गांधी पुन्हा सत्तेवर आल्या आणि सुब्रह्मण्यम यांना या पदावरून दूर करण्यात आले. त्यांचे पुत्र आणि विद्यमान परराष्ट्रमंत्री एस. जयशंकर यांनी २०२३ मधील एका मुलाखतीत हा प्रसंग सांगितला आहे. त्यानंतर १९८७ पर्यंत ते पुन्हा अध्ययन संस्थेचे संचालक होते. ज्या अधिकाऱ्याला संरक्षणाचा अर्थसंकल्प, गुप्तवार्ता आणि शस्त्रनिर्मिती या तिन्हींची आतून माहिती होती, त्याला संरक्षण सचिवपद कधीच मिळाले नाही, ही या कारकिर्दीतील सर्वांत खेदजनक बाब होय.

हा दोष एका सरकारच्या मर्जीपुरता मर्यादित मानता येत नाही, कारण त्याचे मूळ रचनेतच होते. केंद्र सरकारच्या कामकाजाच्या नियमांनुसार देशाच्या संरक्षणाची जबाबदारी ज्या विभागाकडे होती, त्याचे प्रमुख संरक्षण सचिव होते, तर तिन्ही दलांची मुख्यालये त्या विभागाची ‘संलग्न कार्यालये’, म्हणजे धोरण ठरवण्याऐवजी ते अमलात आणण्यासाठी जोडलेली कार्यालये, मानली जात. सचिवपदी येणारा अधिकारी मात्र अनेकदा शेती, उद्योग किंवा राज्याच्या महसूल खात्यातून येई आणि विषय हाती येईपर्यंत निवृत्त होई. परिणामी ज्ञान एकीकडे आणि निर्णयाचा अधिकार दुसरीकडे अशी विभागणी झाली, आणि लोकशाहीला आवश्यक असलेले मुलकी नियंत्रण प्रत्यक्षात मुलकी अधिकाऱ्यांच्या फाइलनियंत्रणावर येऊन थांबले.

या रचनेची अधिकृत चिकित्सा करण्याची संधी सुब्रह्मण्यम यांना निवृत्तीनंतर एका तपाने मिळाली. २९ जुलै १९९९ रोजी, कारगिलची लढाई संपून तीन दिवस झाले असताना, त्यांच्या अध्यक्षतेखाली लेफ्टनंट जनरल के. के. हजारी, पत्रकार बी. जी. वर्गीस आणि सदस्य-सचिव सतीश चंद्र यांची आढावा समिती नेमण्यात आली. १९६२ च्या पराभवावरील हेंडरसन ब्रुक्स अहवाल सरकारने आजतागायत अधिकृतपणे खुला केलेला नाही. कारगिल समितीचा अहवाल मात्र, काही भाग वगळून का होईना, फेब्रुवारी २००० मध्ये संसदेसमोर आला, आणि युद्धातील त्रुटी नागरिकांपुढे मांडल्याने राष्ट्र दुबळे होत नाही हे त्यातून सिद्ध झाले.

संयुक्त गुप्तवार्ता समितीच्या अहवालांकडे वरच्या पातळीवर पुरेसे लक्ष दिले जात नाही, असा निष्कर्ष या अहवालात आहे, आणि त्या समितीचे अध्यक्षपद स्वतः भूषवलेल्या व्यक्तीने तो नोंदवल्यामुळे त्याला विशेष वजन आहे. सेनादलांची मुख्यालये सरकारच्या सर्वोच्च रचनेबाहेर ठेवणारी भारत ही बहुधा एकमेव मोठी लोकशाही असावी, हे निरीक्षणही त्यात आहे. राष्ट्रीय सुरक्षा सल्लागार पूर्णवेळ असावा, ही शिफारस तर समिती नेमणाऱ्या सरकारलाच अप्रिय वाटावी अशी होती, कारण ब्रजेश मिश्रा तेव्हा ते पद पंतप्रधानांच्या प्रधान सचिवपदासह सांभाळत होते. सैन्याचे सरासरी वय कमी करण्यासाठी प्रत्यक्ष सैनिकी सेवेचा काळ सतरा वर्षांवरून सात ते दहा वर्षांवर आणावा आणि त्यानंतर जवानांना निमलष्करी दलांत सामावून घ्यावे, असेही समितीने सुचवले होते.

या शिफारशींचे पुढे काय झाले, ते पाहिले असता दिरंगाईबरोबरच अर्धवटपणाही दिसतो. २००१ मधील मंत्रिगटाने संरक्षण दलप्रमुख, म्हणजे ‘सीडीएस’, हे पद निर्माण करण्याची स्पष्ट शिफारस केली. त्यानंतर एकात्मिक संरक्षण मुख्यालय आणि संरक्षण गुप्तवार्ता संस्था उभ्या राहिल्या, परंतु ते पद जनरल बिपिन रावत यांच्या रूपाने भरले गेले ते थेट १ जानेवारी २०२० रोजी. स्वतंत्र सुरक्षा सल्लागारासाठी २००४ मधील सत्तांतराची वाट पाहावी लागली. २०२२ च्या अग्निपथ योजनेने तरुण सैन्याची कल्पना स्वीकारून सेवाकाळ चार वर्षांवर आणला आणि एक चतुर्थांश अग्निवीरांना कायम ठेवण्याची तरतूद केली, परंतु उरलेल्यांच्या सेवेला जोडून निमलष्करी दलांत निश्चित स्थान देण्याचा मूळ शिफारशीतला दुवा तिच्यात नाही. निमलष्करी भरतीतील आरक्षण ही त्याची पुरेशी भरपाई ठरत नाही.

सुब्रह्मण्यम यांच्यावरील आक्षेपही विचारात घ्यायला हवेत. कारगिल समितीने रचनेतील दोष दाखवले, पण व्यक्तींची जबाबदारी निश्चित केली नाही, ही टीका रास्त आहे. त्यांच्या अण्वस्त्रसमर्थनामुळे शांततावादी अभ्यासक त्यांच्यापासून दुरावले. मात्र ऑगस्ट १९९९ मध्ये त्यांच्या निमंत्रकपदाखालील सल्लागार मंडळाने मांडलेला आण्विक धोरणाचा मसुदा संयमाचा होता. अण्वस्त्रांचा प्रथम वापर न करणे, किमान विश्वासार्ह प्रतिरोधक्षमता राखणे, म्हणजे शत्रूला हल्ल्यापासून परावृत्त करण्यापुरतीच अण्वस्त्रे बाळगणे, आणि अंतिम निर्णय निर्वाचित नेतृत्वाच्या हाती ठेवणे ही त्याची सूत्रे होती, आणि २००३ च्या अधिकृत धोरणाचा गाभाही तीच राहिली. सनदी अधिकारी आणि पत्रकार यांनी शासकीय सन्मान घेऊ नयेत, या भूमिकेतून त्यांनी १९९९ मध्ये पद्मभूषण नाकारले. २ फेब्रुवारी २०११ रोजी त्यांचे निधन झाले.

थिएटर कमांडचा निर्णय आज ना उद्या होईल, परंतु त्याची गुणवत्ता तो घेणाऱ्यांच्या ज्ञानावर अवलंबून राहील. संरक्षण मंत्रालयात दीर्घकाळ राहून याच विषयात वाढणाऱ्या मुलकी अधिकाऱ्यांची स्वतंत्र फळी उभारणे, त्यांना अध्ययन संस्थांमध्ये शिक्षा म्हणून धाडण्याऐवजी प्रशिक्षणासाठी पाठवणे आणि मोठ्या फेररचनेमागील कारणे संसदेपुढे लेखी मांडणे, या तीन गोष्टी त्यासाठी तातडीने व्हायला हव्यात. अन्यथा तिन्ही दलांमध्ये मतभेद होतील तेव्हा सरकारला त्यांच्यातला मध्यबिंदू तेवढा शोधता येईल, आणि युद्धाची रचना अशा मध्यबिंदूवर उभारणे कोणत्याही देशाला परवडणारे नाही.