बर्फांतील दोन विद्यार्थी

देशाटनानें मनुष्य शहाणा होतो, असें आपण मुलांस शिकवितों. जपानी दिग्दर्शक यासुजिरो ओझू यांनीं इ. स. १९२९ मध्यें ‘तारुण्याचे दिवस’ अशा अर्थाच्या नांवाचा जो मूकपट काढला, त्यांतील दोन विद्यार्थी मात्र जसे जातात तसेच परत येतात. आणि सारी गंमत त्यांतच आहे. ओझूंचा हा आठवा चित्रपट. आधींचे सातही नष्ट झाल्यामुळें त्यांच्या कलेचा उपलब्ध आरंभ येथूनच धरावा लागतो.

वातानाबे हा टोकियोंतला चलाख विद्यार्थी. खिडकींत ‘जागा भाड्यानें देणें आहे’ अशी पाटी लावून तो सुस्वरूप मुलींची वाट पाहतो. पुरुष आले कीं त्यांना वाटेस लावतो. चिएको नांवाची मुलगी येतांच तिला खोली देऊन तो आपलें बिऱ्हाड यामामोतो नामक मित्राकडे हलवितो. हा यामामोतो चष्मेवाला, भिडस्त; त्याचेंही मन त्याच मुलीवर बसलेलें.

परीक्षा आटोपतांच दोघे चीजवस्तु गहाण टाकून निइगाता प्रांतांतील आकाकुरा येथें स्की खेळावयास जातात. पायांस लांब फळ्या बांधून बर्फावरून घसरत जाण्याचा हा खेळ. वातानाबेस तो साधतो. यामामोतो पावलोपावलीं लोळण घेतो. त्या काळीं जपानांत पडद्याशेजारीं बसलेला ‘बेन्शी’ आपल्या कीर्तनकाराप्रमाणें प्रसंग रंगवून सांगे; पण या पडझडींत शब्दांचें काम थोडेंच! चिएकोही तेथें येते. पण ती स्कीमंडळींतील तिसऱ्याच तरुणाशीं लग्न जुळविण्याच्या भेटीसाठीं. मुलगी पाहण्याचे समारंभ आपल्या घरांना अपरिचित नाहींत. मात्र अशा बाहेर राहिलेल्या उमेदवारांचा विचार कोण करतो?

परततात तों दोघेही नापास! शिक्षकी पेशांत आयुष्य गेलेल्या आम्हांस येथें प्रथम रागच आला. परंतु १९२७ च्या आर्थिक संकटानंतर जपानांत पदवीधरांनाही नोकरी दुर्मिळ झाली होती, आणि ओझूंनीं त्याच १९२९ सालीं अशा एका बेकार पदवीधरावर दुसरा चित्रपट काढला. हें ध्यानांत घेतां या नापास पोरांवर ते कां रागावले नाहींत, हें कळतें. यामामोतो खिन्न होऊन बसतो. वातानाबे त्यास उपदेश करीत नाहीं. याहून चांगली मुलगी मिळवून देण्याचें वचन देतो, आणि मित्राच्या खिडकींत ती भाड्याची पाटी पुनः लावतो.