मोबाइलवरचा गेम येतो कुठून?

येवल्यात संक्रांतीला भोगीपासून करीपर्यंत तीन दिवस सगळ्यांच्या नजरा पतंगांवर. एरवी पोरांची मान मोबाइलमध्ये. त्यातला घरोघरी पोचलेला ‘लुडो किंग’ आपल्याच राज्यातला. नवी मुंबईच्या गेमेशन कंपनीने तो २०१६ मध्ये बाजारात आणला.

गेम मिळवण्याचे मार्ग मुख्यतः तीन. प्ले स्टोअर किंवा अ‍ॅप स्टोअरवरून घेतलेला गेम आधी तपासलेला असतो. ब्राउझरमधला गेम डाउनलोड न करताच चालतो, म्हणून कमी जागेच्या फोनला तो सोयीचा. तिसरा मार्ग व्हॉट्सअ‍ॅपवर फिरणाऱ्या एपीके फाइलचा. तिच्या वाटेला जाऊ नये. गेमच्या नावाखाली बँकेचे ओटीपी वाचणारे अ‍ॅपही त्यातून शिरू शकते. सोंगट्यांच्या खेळाने एसएमएस वाचायची परवानगी मागितली, तर सरळ नकार द्यावा.

नेट रडतखडत असले तरी लुडो चालतो. कारण प्रत्येक चालीला फाशाचा आकडा आणि हललेली सोंगटी एवढीच माहिती जाते-येते; पट आणि चित्रे फोनमध्येच असतात. नेमबाजीच्या गेममध्ये मात्र प्रत्येकाची जागा सेकंदात अनेकदा कळवावी लागते. तिथे नेट क्षणभर अडखळले, की खेळ संपलाच. लुडो एकाच फोनवर आळीपाळीने खेळायला तर नेटही लागत नाही.

पैसे लावून खेळायच्या ऑनलाइन गेमवर बंदी घालणारा कायदा संसदेने ऑगस्ट २०२५ मध्ये मंजूर केला. तेव्हा ‘खेळा आणि कमवा’ म्हणणारी लिंक आली, तर ती उघडूच नका.