मिलचे वंगण आणि सभासदांचा ऊस



गाळप थांबले की गाडीतळावर रांग लागते आणि पहिला प्रश्न येतो, "साहेब, मिल कशाने बंद पडली?" कारण कधी कधी अगदी लहान असते. एखादे बेअरिंग तापलेले असते. म्हणून वंगणाविषयी चार गोष्टी येथे देत आहोत.

जुन्नर-आंबेगावात ज्यांनी लाकडी चाकाची बैलगाडी हाकली, त्यांना वंगणाचे महत्त्व सांगायला नको. आख कोरडा पडला की चाक कुरकुरते, तुंबा झिजतो, बैलांना ओढ जड जाते. मिलमध्येही हेच घडते, फक्त भार प्रचंड असतो. निवृत्तीनगरचा विघ्नहर असो की दत्तात्रयनगरचा भीमाशंकर, उसाच्या मिलचे रोलर मिनिटाला साधारण चार-पाच फेरेच घेतात, पण त्यांवर शेकडो टनांचा दाब असतो. वेगाने फिरणारा दांडा स्वतःच तेल आत ओढतो आणि तेलाच्या पडद्यावर तरंगतो. सावकाश फिरणाऱ्या रोलरला ते साधत नाही. म्हणून तेथे काकवीसारखे दाट तेल पंपाने थोडे थोडे, पण अखंड द्यावे लागते. बेअरिंग थंड राहावे म्हणून पाणीही खेळवतात. तेल तुटले तर धातूवर धातू घासतो, गनमेटलचे बेअरिंग जाते आणि मिल उभी राहते.

यात सभासदांचे नुकसान काय? तोडलेला ऊस २४ तासांच्या आत गाळला गेला पाहिजे. तळावर पडून राहिला तर वजन घटते आणि साखर मोडून उतारा उतरतो. उतारा एक दशांश टक्का घसरला, तर टनामागे एक किलो साखर गेली असे समजा. एफआरपीही उताऱ्यावरच ठरते.

वंगणाचा मोठा वैरी म्हणजे माती. कुकडी, मीना, घोड काठच्या काळ्या रानात पावसानंतर तोड झाली की मोळीला चिखल येतो. ही माती रोलरचे दात झिजवते आणि वंगणात शिरली तर तेच वंगण कानशीसारखे घासते.

तेव्हा सभासदांनी एवढे करावे :

१) मोळीत माती, दगड, पाचट येऊ देऊ नये. वाढे नीट तोडून घ्यावे.

२) तोडणीची चिठ्ठी आल्याशिवाय ऊस तोडू नये.

३) हंगामापूर्वी ट्रॉलीचे व टायरगाडीचे हब उघडावेत, बेअरिंग रॉकेल वा डिझेलने धुऊन, वाळवून नवे ग्रीस भरावे. जुन्या घाण ग्रीसवर नवे थापू नये.

४) विहिरीवरच्या मोटारीच्या बेअरिंगमध्ये ग्रीस ठासून भरू नये. जास्त ग्रीसनेही बेअरिंग तापते.

मिलला वेळेवर तेल देणे हे कारखान्याचे काम आहे, ते आम्ही पाहूच. गव्हाणीत स्वच्छ, ताजा ऊस पडणे मात्र आपल्या हाती आहे. सर्वांनी सहकार्य करावे, ही विनंती.