शस्त्रक्रियेनंतर राखणीची कुत्री

शेतावरील राखणीच्या कुत्रीचें गर्भाशय काढल्यावर पुढील १० ते १४ दिवस तिला स्वस्थ ठेवणें हेंच मुख्य काम होय. वरची कातडी सांधलेली दिसली तरी पोटाचा आंतील थर कच्चा असतो. एका उडीनें टांके तुटून आंतडें बाहेर येण्याचें भय असतें. नुसत्या साखळीनें बांधल्यास ती हिसके देते. राखणीचें जनावर तें, रस्त्यावर पाऊल वाजलें कीं उठणारच! म्हणून रस्ता व गुरें दिसणार नाहींत अशा खोलींत, ओळखीच्या माणसाजवळ तिला ठेवावें, असें आम्ही सुचवितों. भाकरीचे तुकडे जाड फडक्यांत गुंडाळून समक्ष दिल्यास हुंगण्यांत तिचें मन रमतें. बाहेर नेणें तें दोरीनें व शौचापुरतेंच. तरीहि ती तळमळत असल्यास वेदना असेल असें समजून पशुवैद्यास विचारावें. घरांतील आयबुप्रोफेन देऊं नये, कुत्र्यास तें विष आहे.